नटसम्राटाचा फंड



मी काही नाट्यसमीक्षक नव्हे. कामगारांत वावरणारा साधा कार्यकर्ता. त्यामुळे ‘नटसम्राट’ मी कामगाराच्या नजरेनेच पाहिला. शिरवाडकरांचे हे नाटक १९७० साली रंगभूमीवर आले, डॉ. श्रीराम लागू गणपतराव बेलवलकर झाले. २०१६ साली महेश मांजरेकरांनी त्याचा चित्रपट केला, त्यात नाना पाटेकर बेलवलकर झाले.

लोक म्हणतात, मुले कृतघ्न निघाली. खरे आहे. परंतु माझे मन अडते ते त्याआधीच्या प्रसंगापाशी. निवृत्त होताच बेलवलकर आपली मिळकत मुलांना वाटून टाकतात. त्या दिवसापासून घरचा धनी आश्रित होतो. पुढे लेकीच्या घरी त्यांच्यावर चोरीचा आळ येतो. फंडाची रक्कम हाती येताच मुलाच्या स्वाधीन करणारे कितीतरी कामगार मी पाहिले. समजावू लागलो, तर म्हणत, “अण्णा, पोरगा काय परका आहे?”

भविष्यनिर्वाह निधीचा कायदा १९५२ साली झाला, पण तो हजेरीपटावरच्या माणसासाठी. नाइटवर पोट भरणाऱ्या नटाचा हजेरीपट कोण ठेवतो? सरकार वृद्ध कलावंतांना मानधन देते; त्यासाठीही त्याला अर्ज घेऊन उभे राहावे लागते. त्याला हक्काचे पेन्शन हवे.

हातची जमीन गेल्यावर माणसाचे काय होते, हे धरणाविरुद्ध १९२१ साली सत्याग्रह करणाऱ्या मुळशीला मी काय सांगावे? वडीलधाऱ्यांना एवढीच विनंती : माया सगळी द्या, सातबारा मात्र हयातीत आपल्याच नावे ठेवा.