बाईच्या मनातलं, पुस्तकात आलेलं

मैत्रिणींनो, गटाच्या बैठकीत आपण हप्त्याचं बोलतो, व्याजाचं बोलतो, शेळ्यांचं आणि शिलाई मशीनचं बोलतो. प्रेमाचं मात्र बोलत नाही. तो विषय निघाला की कुणीतरी पदर तोंडाला लावून हसतं आणि बोलणं तिथंच थांबतं. म्हणून आज आम्ही त्यावरच बोलणार आहोत. मराठी कथा-कादंबऱ्यांत बाईचं प्रेम, तिची इच्छा, तिचं शरीर कसं आलं, आणि अभ्यासकांनी त्यातून काय शोधून काढलं, हे सांगणार आहोत. हा शिकल्यासवरल्यांचा विषय, आपला काय संबंध, असं म्हणू नका. संबंध आहे.

आपल्या आज्या-पणज्या मनातलं बोलत नव्हत्या असं नाही. त्या जात्यावर बोलत होत्या. हेमा राईरकर आणि गी पॉइटवँ या अभ्यासकांनी सहकाऱ्यांच्या मदतीनं गावोगाव फिरून एक लाखाहून जास्त ओव्या गोळा केल्या. त्यात भाऊ आहे, लेक आहे, विठ्ठल आहे, तशी नवऱ्याची ओढ आहे आणि त्याचा जाचही आहे. आपल्या शेजारच्या माजलगावच्या बायकांच्या ओव्याही त्यात आहेत. पण जात्यावरचं बोलणं बाईनं बाईजवळ, पहाटेच्या अंधारात केलेलं. तेच बोलणं छापून पुरुषांसमोर आलं, तेव्हा काय झालं ते ऐका.

१९३३ साली ‘कळ्यांचे निःश्वास’ नावाचा कथासंग्रह निघाला. लेखिकेचं नाव होतं विभावरी शिरूरकर. शिकलेल्या, नोकरी करणाऱ्या, लग्न न झालेल्या मुलींच्या या गोष्टी. त्या मुलींनाही प्रेम हवं असतं, घर हवं असतं, शरीराची भूक त्यांनाही असते, हे त्यात सरळ लिहिलेलं. केवढा गदारोळ उठला! ही विभावरी कोण, याचा शोध सुरू झाला. प्रकाशक ह. वि. मोटे यांनी नाव फोडलं नाही. खरी लेखिका होती बाळूताई खरे. जन्म १९०५ चा, शिक्षण हिंगण्याला कर्व्यांच्या संस्थेत, पेशानं शिक्षिका. पुढे १९३८ साली विश्राम बेडेकरांशी लग्न झालं आणि त्या मालतीबाई बेडेकर झाल्या. एका बाईची तीन नावं, आणि मनातलं लिहिलं ते लपवलेल्या नावानं.

त्या संग्रहातल्या एका कथेचं नावच आहे ‘बाबांचा संसार माझा कसा होणार?’ हे नाव ऐकून आम्ही थांबलो होतो. लेक कमावते, घर तिच्या पगारावर चालतं, मग तिच्या स्वतःच्या संसाराचं काय? नव्वद वर्षं झाली या प्रश्नाला. आज आपल्याकडेही एखादी लेक परभणीच्या दुकानात नाहीतर पुण्याच्या कंपनीत काम करून घरी पैसे धाडते. तिला काय हवंय हे आपण विचारतो का?

पुढच्याच वर्षी त्यांची ‘हिंदोळ्यावर’ ही कादंबरी आली. नवऱ्यापासून वेगळी झालेली बाई पुन्हा प्रेम करते, असा तिचा विषय. आणि त्याच १९३४ मध्ये मुंबईत र. धों. कर्व्यांवर ‘समाजस्वास्थ्य’ मासिकातल्या मजकुरासाठी अश्लीलतेचा खटला चालला. त्यांच्या बाजूनं वकील म्हणून उभे राहिले डॉ. बाबासाहेब आंबेडकर. शरीराविषयी प्रश्न विचारणं म्हणजे अश्लील नव्हे, हा तो झगडा होता. बाईच्या कथेचा आणि त्या खटल्याचा काळ एक, हे लक्षात ठेवा.

आता अभ्यासकांचं. पूर्वी अशा गोष्टी वाचून लोक एवढंच विचारायचे, की ही बाई चांगली की वाईट? हा प्रश्नच चुकीचा आहे, हे सांगणारी पहिली बाई आपल्या बाजूची, बुलढाण्याची. ताराबाई शिंदे. १८८२ साली त्यांनी ‘स्त्री-पुरुष तुलना’ लिहिलं. त्यात त्यांनी त्या काळच्या नाटक-कादंबऱ्यांत बाई कशी रंगवतात, याचाही समाचार घेतला. जो दोष पुरुषात दिसतो तो बाईच्याच माथी का, हे त्यांनी विचारलं. ते पुस्तक विस्मरणात गेलं होतं. १९७५ साली स. गं. मालशे यांनी ते पुन्हा छापून पुढे आणलं.

त्यानंतर विद्युत भागवत, मीरा कोसंबी अशा अभ्यासकांनी बायकांचं जुनं लेखन बारकाईनं वाचलं. असं वाचन वेगळे प्रश्न विचारतं. गोष्ट कोण सांगतंय? बाई की बाईबद्दल कुणी दुसरा? तिच्या प्रेमाची किंमत कोण मोजतंय? तिच्या पगारावर, तिच्या अंगावर हक्क कुणाचा? गोष्टीच्या शेवटी तिला शिक्षा होते का, आणि ती कुणाला बरी वाटते? असं वाचलं की प्रेमाची गोष्ट घराच्या हिशेबाची गोष्टही होते. तो हिशेब तर आपल्याला चांगला कळतो.

आणखी एक प्रश्न अभ्यासकांनी विचारला, तो आपला आहे. या कथांतल्या मुली बहुतेक शहरातल्या, वरच्या जातीतल्या. मग बाकीच्या बायका कुठे? मालतीबाईंनी सोलापूरच्या सेटलमेंटमध्ये काम केलं होतं. इंग्रजांनी गुन्हेगार ठरवलेल्या जमातींना तिथं तारेच्या कुंपणात ठेवायचे. त्या अनुभवावर त्यांनी १९५० साली ‘बळी’ लिहिली. पण स्वतःचं स्वतः सांगायला पुढे बेबीताई कांबळे यांचं ‘जिणं आमुचं’ आणि ऊर्मिला पवार यांचं ‘आयदान’ यावं लागलं. तिथं नाव लपवलेलं नाही.

हे आपल्याकडेच घडलं असंही नाही. आयर्लंड नावाचा देश आहे, शेतीवाडीचा, धर्माचा मोठा पगडा असलेला. तिथल्या एड्ना ओब्रायन या बाईंनी १९६० साली गावाकडच्या दोन मुलींवर ‘द कंट्री गर्ल्स’ ही कादंबरी लिहिली. मुलींना प्रेम हवंय, गावाबाहेरचं जग बघायचंय, एवढंच. सरकारनं पुस्तकावर बंदी घातली. आज त्याच पुस्तकाचा तिथं अभिमानानं अभ्यास होतो.

मैत्रिणींनो, आपल्या भागात ऊसतोडीला जाताना नवरा-बायकोच्या जोडीला एक कोयता म्हणतात. पोरीचं लग्न लवकर लावण्यामागं हाही हिशेब असतो. त्या पोरीला कुणी आवडतं का, तिला आत्ता लग्न हवंय का, हे त्या हिशेबात कुठल्याच रकान्यात बसत नाही. विभावरीनं लिहिलं ते याच रिकाम्या रकान्याबद्दल.

म्हणून आमचं एक सांगणं आहे. पुढच्या मासिक बैठकीत बचतीची वही मिटल्यावर अर्धा तास थांबा. जवळच्या वाचनालयातून ‘कळ्यांचे निःश्वास’ मागवा. जिला वाचता येतं तिनं एक कथा मोठ्यानं वाचावी, बाकीच्यांनी ऐकावी. सासू-सून दोघी असतील तर फारच चांगलं. मग ही बाई चांगली की वाईट हे विचारू नका. तिला काय हवं होतं आणि ते कुणी अडवलं, एवढंच विचारा. आणि घरी गेल्यावर तोच प्रश्न आपल्या लेकीला, सोयरीक ठरायच्या आधी विचारा.