तुझ्याकडे कोणता नाही?

लहानपणी काड्यापेटीची चित्रं जमवली असतील तर आठवेल. आपल्याकडे एकच चित्र तीन-तीनदा यायचं आणि हवं ते नेमकं शेजारच्या मुलाकडे असायचं! जपानच्या सातोशी ताजिरी यांनी ही गंमत व्हिडिओ गेममध्ये आणली. त्यांना लहानपणी किडे जमवण्याचा नाद होता. पुढे 'गेम बॉय' ही हातात मावणारी दोन यंत्रं तारेनं जोडता येतात हे पाहून, त्या तारेवरून किडे ये-जा करताहेत असं चित्र त्यांच्या मनात उभं राहिलं.

फेब्रुवारी १९९६मध्ये 'पोकेमॉन' आला तो 'लाल' आणि 'हिरवा' अशा दोन आवृत्त्यांत. गोष्ट एकच, पण एकान्स हा साप सापडणार फक्त लालमध्ये, सँडश्रू फक्त हिरव्यात. सगळे १५० जमवायचे तर दुसरी आवृत्ती असलेला मित्र गाठायचा, तार जोडायची आणि अदलाबदल करायची.

यात धंदा नव्हता असं कोण म्हणेल? हट्टी मुलासाठी दोन्ही खेळ घेणाऱ्या आई-वडिलांचा खिसा रिकामा होणारच. पण दोन्ही घेतले तरी घासाघीस कुणाशी करणार? त्याला दुसरा गडी लागतोच.

आज तारेची गरज उरलेली नाही. तरीही २०२२च्या 'स्कार्लेट' आणि 'व्हायोलेट' या जोडीतही काही प्राणी एकात आहेत, तर दुसऱ्यात नाहीत. तेव्हा मुलं यंत्रात डोकं खुपसून बसलेली दिसली, तर रागावण्याआधी एवढंच विचारा, 'तुझ्याकडे कोणता नाही रे?'