कहाणी ज्याची, अधिकार त्याचा
(भाषणाचा मजकूर)



अत्याचारग्रस्त व्यक्तीवर बहुधा दोन आघात होतात. पहिला देहामनावर, दुसरा, ‘याची वाच्यता करू नकोस’ या उपदेशाचा. पहिल्याचा दोषी एक असतो. दुसऱ्याला आप्त, शेजारी आणि गावही हातभार लावतात.

१९८० साली मुंबईत १७ वर्षांच्या एका मुलीवर सामूहिक बलात्कार झाला. १९८३ मध्ये ‘मानुषी’ या नियतकालिकात तिने आपली हकीकत स्वतःच्या नावानिशी व छायाचित्रासह प्रसिद्ध केली. सोहेला अब्दुलअली हे तिचे नाव. पुढे अमेरिकेत बोस्टन येथे त्यांनी पीडितांना आधार देणाऱ्या केंद्रात काम केले. डिसेंबर २०१२ मधील दिल्लीच्या घटनेनंतर तो जुना लेख सर्वदूर वाचला गेला. जानेवारी २०१३ मध्ये त्यांनी पुन्हा लेखणी हाती घेतली. जखम आपल्याला झाली, अब्रूला नव्हे, हे त्यांचे प्रतिपादन अनेकांना धीर देणारे ठरले.

मात्र कथनाची सक्ती हाही अन्यायच होय. अमेरिकन मनोविकारतज्ज्ञ ज्युडिथ हर्मन यांनी १९९२ मध्ये सावरण्याचे तीन टप्पे मांडले : प्रथम सुरक्षितता, नंतर स्मरण व शोक, शेवटी समाजाशी पुन्हा नाते. सुरक्षिततेपूर्वीच कथनाचा आग्रह धरल्यास घाव चिघळतो.

कायद्यानेही हे तारतम्य राखले आहे. पीडितेची ओळख प्रसिद्ध करणे १९८३ च्या दुरुस्तीने गुन्हा ठरले. सज्ञान स्त्रीला मात्र स्वतःच्या लेखी संमतीने ती प्रकट करण्याची मुभा राहिली. आज ही तरतूद भारतीय न्याय संहितेच्या कलम ७२ मध्ये आहे. नाव झाकणे आणि नाव सांगणे या दोहोंमागील तत्त्व एकच : निर्णय तिचा.

बालकांच्या बाबतीत जबाबदारी अधिक आहे. २०१२ च्या बाल लैंगिक अत्याचार प्रतिबंधक कायद्यानुसार, म्हणजे पोक्सोनुसार, गुन्ह्याची माहिती असूनही पोलिसांना न कळविणे हा गुन्हा आहे. म्हणून शिक्षकाने विद्यार्थ्याला ‘कोणालाच सांगणार नाही’ असे वचन देऊ नये. ‘ज्यांना सांगणे आवश्यक आहे, त्यांनाच सांगेन’ असे म्हणावे. जबाब बालकाच्या घरी वा त्याच्या पसंतीच्या जागी, शक्यतो महिला अधिकाऱ्याने, गणवेशाविना नोंदवावयाचा असतो. न्यायालयातही बालकाला साक्षीसाठी वारंवार बोलावू नये, असे बंधन आहे. कारण तीच व्यथा दहा ठिकाणी उगाळावयास लावणे म्हणजे जखमेवरील खपली पुनःपुन्हा काढणे होय.

पंचायत सदस्यांनी अशा प्रकरणी समेट घडवून आणण्याच्या भरीस पडू नये. चव्हाट्यावर चर्चा नको, आणि दडपणही नको. १०९८ हा बालकांसाठीचा व १८१ हा महिलांसाठीचा मदत क्रमांक शाळेच्या व ग्रामपंचायतीच्या फलकावर ठळकपणे लिहावा.

धैर्याने बोलणाऱ्यांचा गौरव अवश्य व्हावा. परंतु न बोलणाऱ्यांचे धैर्य उणे लेखू नये. ज्या दिवशी त्यांना बोलावेसे वाटेल, त्या दिवशी विश्वासाने ऐकणारे कोणी तरी गावात असावे, ही व्यवस्था निर्माण करणे शाळा, पंचायत आणि शासन यांचे संयुक्त कर्तव्य आहे.