समुद्रकांठचा हवापालट



पूनम सागर या नांवांत सागर आहे खरा. पण तो पाहावयास उत्तनची वाट धरावी लागते. समुद्रकांठीं हवापालटास जाण्याच्या जुन्या रीतीविषयीं आज थोडें बोलतों.

रीत मूळची विलायती. 1750 च्या सुमारास डॉक्टर रिचर्ड रसेल यांनीं समुद्रस्नान औषध ठरविलें. 1841 सालीं रेल्वे आली आणि ब्रायटन गजबजलें. 1960 नंतर विमानप्रवास स्वस्त झाला, लोक स्पेनच्या उन्हाकडे वळले, व तिकडील कैक किनाऱ्यांची रया गेली.

आपल्याकडे प्रकार उलटा. 1924 सालीं शस्त्रक्रियेनंतर महात्मा गांधी विश्रांतीसाठीं जुहूस राहिले, तेव्हां तेथें निवांतपणा होता. माणसें आजही येतात, निवांतपणा गेला. जुहू गर्दीनें बुडालें.

उरलें गोराई, मनोरी, उत्तन. तेथें होड्या अजून लागतात, बांबूंवर बोंबील वाळतात. शहरी पाहुण्यास तो वास सोसवत नाहीं. मग त्यानें यावेंच कशाला?

1991 च्या किनारा नियमन अधिसूचनेनें भरतीरेषेपासून 500 मीटरांपर्यंत बांधकामावर निर्बंध आणले. 2019 च्या अधिसूचनेनें दाट वस्तीच्या ग्रामीण किनाऱ्यावरील 200 मीटरांची बंदी 50 मीटरांवर आणण्याची मुभा दिली. अशा ठिकाणीं माडांखालच्या जमिनीस गिऱ्हाईक येणारच. ती विकावयाची कीं राखावयाची, हें घरोघरीं ठरेल. होडी कोठें ओढावयाची व जाळें कोठें पसरावयाचें, हें त्यावरच अवलंबून राहील.