विहिरीचे माप



या व्यासपीठावरून विद्वानांनी बोलावे अशी रीत आहे. मी चौथी शिकलेला, युनियनचे काम करणारा माणूस. म्हणून विषयही आठवीच्या पुस्तकातलाच घेतला आहे : गोल, सरळ उभ्या वस्तूचे घनफळ कसे काढावयाचे? पुस्तकात त्या आकाराला वृत्तचिती म्हणतात. आमच्या मजुरांच्या लेखी ती विहीर.

2009 सालची गोष्ट. आमच्याकडील काही मजुरांनी एका ठेकेदाराला 14 फूट व्यासाची, 20 फूट खोल विहीर उक्त्याने खोदून दिली. पुढच्या कामाच्या वेळी तो म्हणाला, "ही विहीर 28 फुटी. खोली तेवढीच. रुंदी दुप्पट, तर पैसे दुप्पट." सौद्याला मी हजर होतो. मला हिशेब चोख वाटला आणि मी मान डोलावली. अर्धी खोली गाठली तोच पहिल्या विहिरीच्या दुप्पट दिवस गेले होते. मजूर मला विचारू लागले, "साहेब, हे कसे?" मला उत्तर देता येईना. त्या रात्री मी मुलीचे गणिताचे पुस्तक उघडले.

आता भाकरींची चवड डोळ्यांपुढे आणा. एका भाकरीने किती जागा व्यापली हे कळले की तिला चवडीच्या उंचीने गुणावयाचे, झाले घनफळ. चवड थोडी कलली तरी भाकरी काही कमीजास्त होत नाहीत. प्रश्न राहिला एका भाकरीचा. तिचे मध्यापासून सारखे, बारीक त्रिकोणी तुकडे करा आणि एक सुलटा, एक उलटा असे शेजारी मांडा. तुकडे जितके बारीक, तितका त्यांचा आयत नीट होतो. त्याची लांबी म्हणजे निम्मा परीघ आणि रुंदी म्हणजे निम्मा व्यास. या दोहोंचा गुणाकार हेच वर्तुळाचे क्षेत्रफळ.

ही काही परदेशातून आलेली विद्या नव्हे. भास्कराचार्यांनी 1150 साली सिद्ध केलेल्या ग्रंथातील 'लीलावती'त परीघ आणि व्यासाचा चतुर्थांश यांचा गुणाकार सांगितला आहे, तो हाच. खोदलेल्या खड्ड्याचे माप काढण्याचे तर तेथे स्वतंत्र प्रकरणच आहे. परीघासाठी स्थूलमानाने व्यासाला 22 ने गुणून 7 ने भागावे, हेही त्यांनी दिले आहे.

तेव्हा 14 फुटी विहिरीचा परीघ 44 फूट. 22 गुणिले 7, म्हणजे 154 चौरस फूट. गुणिले 20, म्हणजे 3080 घनफूट. शंभर घनफुटांचा एक ब्रास, म्हणून 30.8 ब्रास. 28 फुटी विहिरीचा परीघ 88 फूट. 44 गुणिले 14, म्हणजे 616. गुणिले 20, म्हणजे 12320 घनफूट, 123.2 ब्रास. दुप्पट नव्हे, चौपट! व्यास दुप्पट झाला की परीघही दुप्पट होतो आणि दोन्ही गुणाकारात येतात. म्हणजे ठरलेले सगळे पैसे अर्ध्या खोलीवरच फिटले होते. उरलेली दहा फूट खोदाई फुकटची होती.

ठेकेदार म्हणाला, सौदा तो सौदा. आम्ही काम थांबवले. अखेर उरलेल्या खोदाईचे निम्मे पैसे पदरात पडले. बाकीचे बुडाले, ते माझ्या त्या मान डोलावण्यापायी. ठेकेदाराला हिशेब ठाऊक होता की नव्हता, हे मी सांगू शकत नाही. मला ठाऊक नव्हता, एवढे खरे.

तेव्हापासून माझ्या पिशवीत एक सुंभाची दोरी असते. काठाभोवती फिरवून तिने परीघ मोजावयाचा, आडवी ताणून व्यास मोजावयाचा; दोहोंचे निम्मे करून गुणावयाचे आणि पुन्हा खोलीने गुणावयाचे. ज्याला पाढे येतात त्याला हे येते. आपण सुशिक्षित मंडळी येथे बसला आहात. सुटीच्या दिवशी जवळच्या खोदाईवर जा, मजुरांच्या हातात दोरी द्या आणि हा हिशेब त्यांच्याकडूनच करवून घ्या. आणि सौदा कागदावर लिहिताना तो फुटांत नव्हे, ब्रासमध्ये लिहावयास सांगा.