मुलीने एकच प्रश्न विचारला
(गावच्या चावडीपुढे एका शाळामास्तरांनी केलेले भाषण)



मी काही वक्ता नव्हे. ट्रेनिंग कॉलेजात मला धडे व पाढे शिकवावयास शिकविले, सभा गाजवावयास नव्हे. म्हणून घडलेली गोष्टच सांगतो. जिची आहे तिला विचारून सांगतो.

गेल्या महिन्यात माझ्या एका जुन्या विद्यार्थिनीस पाहावयास पाहुणे आले. मुलगी बारावी पास. नाव, गाव, पोहे, सर्व यथासांग झाले. उठताना तिने मुलास विचारले, "लग्नानंतर मला पुढे शिकू द्याल का?" झाले! चुलते लाल झाले. "आमच्या घराण्यात पोरी तोंड वर करून बोलत नाहीत. ही नवी हवा!" पाहुणे चहा अर्धा टाकून गेले.

आबा, तुम्ही समोरच बसला आहात, रागावू नका. ही हवा नवी नाही. 24 सप्टेंबर 1873 रोजी जोतीराव फुले यांनी पुण्यास सत्यशोधक समाज स्थापिला, आणि त्याच वर्षी 25 डिसेंबरास सीताराम आल्हाट व राधा यांचे लग्न भटजीवाचून लागले. जोतीरावांनी रचलेल्या मंगलाष्टकांत वधू मुकी नसते. भर मांडवात ती स्त्रियांचे हक्क मागते आणि वर ते देण्याची शपथ घेतो. तेही मराठीत, म्हणजे मागे बसलेल्या कुणबिणीस व कुंभारणीस कळेल असे. 1884 साली ओतूरच्या बाळाजी पाटलांनी आपल्या घरची लग्ने अशीच लावली, तेव्हा जोशांनी दक्षिणेसाठी कोर्टात फिर्याद केली. वाडवडिलांनी एवढे सोसून पाडलेल्या वाटेला आपण शहरचे फॅड म्हणावे काय?

तरुणांनो, तुम्हीही हसू नका. तुम्हांस बायको शिकलेली पाहिजे, लग्नाआधी मोबाईलवर बोलावयास पाहिजे. मात्र मोटारसायकलीची गोष्ट निघाली की "वडीलधारे ठरवतील ते" म्हणून खाली पाहता. तेवढ्यापुरती रूढी जिवंत! हुंडाबंदीचा कायदा 1961 साली झाला, हे तुम्हीच परीक्षेत लिहिता. त्या दिवशी त्या मुलाने "हो" किंवा "नाही" एवढे म्हटले असते तरी पुरे होते. तो आपल्या मामाच्या तोंडाकडे पाहत राहिला. मला आबांपेक्षा त्याचाच राग अधिक आला, कारण तो पदवीधर आहे.

काल मुलीचे वडील शाळेत आले. सुतार माणूस, बोलणे थोडे. म्हणाले, "मास्तर, पाहुण्यांना पुन्हा निरोप धाडलाय. पोरीचा प्रश्न तोच आहे म्हणून कळवलंय."

उत्तर अजून आलेले नाही.