सतरंजीवरचा वर्ग

(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



व्यासपीठावर उभे राहून बोलण्याची मला सवय नाही. काही चुकले तर सांभाळून घ्यावे.

माझे शिक्षण सातवीपर्यंत झाले. माहेरच्या गावी शाळाच तेवढी होती. पुढच्या शाळेला सहा किलोमीटर चालत जावे लागे. मुलीला एकटीला एवढ्या लांब कोण धाडणार? दप्तर फडताळात गेले ते गेलेच. म्हणून गेल्या वर्षी आपल्या गावच्या हायस्कुलात नववीच्या मुलींसमोर उभे राहण्याची पाळी आली, तेव्हा माझे पाय लटपटत होते. सातवीच्या पुढच्या वर्गात मी पहिल्यांदा पाऊल टाकले ते शिकायला नव्हे, शिकवायला! त्या वर्गाची हकीकत सांगावी असे अध्यक्षबाई म्हणाल्या, म्हणून हे चार शब्द.

या गोष्टीची सुरुवात माझ्या कंबरदुखीपासून झाली. कापूस वेचण्याचे दिवस होते. दिवसभर पऱ्हाटीत वाकायचे आणि घरी आले की कमरेवर घागर. एक दिवस सकाळी अंथरुणातून उठताच येईना. परभणीच्या डॉक्टरांनी तपासून गोळ्या दिल्या आणि म्हणाले, “गोळ्यांनी दुखणे दबेल, पण कमरेत बळ यायला व्यायामच हवा.” त्यांनी मला व्यायामोपचार करणाऱ्या एका ताईंकडे पाठवले. ताईंनी मला जमिनीवर सतरंजी टाकून निजवले आणि श्वास कसा घ्यायचा इथपासून शिकवायला सुरुवात केली. “याला पिलाटीज म्हणतात,” त्या म्हणाल्या. मला ते एखाद्या औषधाचेच नाव वाटले.

ते एका माणसाचे आडनाव आहे. जोसेफ पिलाटीज हे जर्मनीत १८८३ साली जन्मले. लहानपणी ते फार आजारी असत, आणि त्यातूनच त्यांना व्यायामाचा ध्यास लागला. पहिल्या महायुद्धात ते इंग्लंडात होते. जर्मन म्हणून त्यांना तेथे छावणीत डांबून ठेवले. त्या बंदिवासात त्यांनी स्वतःचा व्यायाम सोडला नाही, आणि सोबतच्या लोकांनाही करायला लावला. पुढे १९२६ च्या सुमारास ते अमेरिकेत न्यूयॉर्कला गेले. तेथे ते व त्यांच्या पत्नी क्लारा मिळून व्यायामशाळा चालवीत. १९६७ साली ते वारले. शरीर मनाच्या ताब्यात असावे आणि पोट, पाठ व कंबर हा अंगाचा मधला भाग बळकट असावा, हे त्यांच्या शिकवणीचे सार.

हे ऐकून मला नवल वाटले, पण अगदीच परके वाटले नाही. आपल्या गंगाखेडच्या जनाबाईचे जाते आठवा. जात्याचा खुंटा धरून फिरवताना काय होते? बैठक स्थिर राहते आणि कमरेपासून वरचे अंग गोल फिरते. आपल्या आज्या रोज पहाटे हा व्यायाम करीत होत्या. जाते परत आणा असे माझे मुळीच म्हणणे नाही. त्या कष्टांनी कित्येकींची हाडे झिजली. गिरणी आली हे चांगलेच झाले. परंतु जाते गेले त्याबरोबर कमरेचे ते फिरणेही गेले, आणि त्याच्या जागी आपण काही ठेवले नाही. आपल्याच महाराष्ट्रात औंध संस्थानचे राजे भवानराव पंतप्रतिनिधी यांनी शाळांतून मुलांबरोबर मुलींनाही सूर्यनमस्कार घालायला लावले होते. तेव्हा मुलींनी व्यायाम करावा ही गोष्ट काही परदेशातूनच आलेली नाही.

माझी कंबर बरी झालेली पाहून हायस्कुलाच्या मुख्याध्यापिका बाईंनी मला विचारले, “आमच्या नववी-दहावीच्या मुलींना शिकवाल का? बाकावर नुसत्या कुबड काढून बसतात.” मी परभणीच्या ताईंना विचारून आले. लहान वयाला कोणते प्रकार चालतील आणि कोणते नाहीत, हे त्यांनी माझ्याकडून घोकून घेतले. मगच मी होकार दिला.

मंगळवारी आणि शुक्रवारी, शाळा भरण्याआधी अर्धा तास, असा वर्ग ठरला. सतरंज्या आपल्या मंडळाच्या. मुली सव्वीस. पहिल्या दिवशी एकही आडवी व्हायला तयार होईना. एकमेकींकडे पाहून नुसत्या हसत होत्या. मग मीच पदर खोचला आणि आधी निजले. तेव्हा कुठे एकेक जण खाली बसली.

त्यांना श्वास घ्यायला सांगितला, तर प्रत्येकीने खांदे वर उचलले आणि पोट आत ओढले. बायांनो, असे का होते, याचा मी घरी आल्यावर विचार केला. मुलगी बारा-तेरा वर्षांची झाली की आपणच सांगतो, ‘ओढणी नीट घे, खाली बघून चाल, अंग चोरून बस.’ ती अंग चोरते, खांदे पुढे येतात, छाती दबते, आणि श्वासही चोरटाच होतो. पुढे वीस वर्षांनी पाठ दुखते म्हणून ती डॉक्टरकडे जाते. मर्यादा शिकवावी, पण श्वास मोकळा घ्यायलाही शिकवावे.

मी त्यांना फासळ्यांवर दोन्ही तळवे ठेवायला सांगितले. श्वास घेताना फासळ्या छत्रीसारख्या दोहो बाजूंना उघडायच्या, सोडताना मिटायच्या आणि बेंबी हलकेच पाठीकडे न्यायची. इंग्रजी नावे माझ्या तोंडी बसेनात, म्हणून मुलींनीच नावे ठेवली. गुडघे वाकवून पाठीवर निजायचे आणि कंबर उचलायची, तो ‘पूल’. बसून एकदा उजवीकडे, एकदा डावीकडे वळायचे आणि समोरच्या पायाच्या करंगळीकडे हात न्यायचा, ती ‘करवत’. गुडघे पोटाशी धरून पाठीवर मागेपुढे डोलायचे, तो ‘चेंडू’. आणि पाठीवर निजून डोके व पाय उचलायचे, हात सरळ ठेवून वरखाली हलवायचे, पाच मोजेपर्यंत श्वास घ्यायचा, पाच मोजेपर्यंत सोडायचा, असे दहा वेळा करायचे, ती ‘शंभरी’. मान दुखली तर डोके खाली ठेवायचे, पाय जड वाटले तर गुडघे वाकवायचे. पाळीच्या दिवसांत जिला बरे वाटेल तिने सोपे प्रकार करावेत, जिला दुखत असेल तिने स्वस्थ बसावे. कोणावरही सक्ती नाही.

गावात बोलणे झालेच. आमच्या आळीतल्या एक आत्याबाई भर रस्त्यात म्हणाल्या, “पोरींना लोळायला शिकवतीस व्हय? घरात काम काय कमी हाय?” मी म्हटले, “आत्याबाई, कामात घागर नेहमी एकाच कमरेवर असते आणि वेचणीत पाठ नेहमी पुढेच वाकते. व्यायामात दोन्ही बाजू सारख्या होतात, आणि वाकलेली पाठ मागे उघडते. काम अंगातले बळ घेते, व्यायाम ते परत देतो.” त्यांना काही ते पटले नाही. तरी एक दिवस वर्ग पाहायला आल्या आणि भिंतीला टेकून बसल्या. जाताना हळूच विचारतात, “गुडघ्यावर काही हाय का तुझ्याकडं?”

नववीच्या मुलांनीही येऊन विचारले, “काकू, आम्हाला का नाही?” त्यांना शनिवारी मैदानावर घेते. कबड्डीत भारी असणारी ही मुले, पण पाय सरळ ठेवून अंगठे धरा म्हटले की निम्म्यांची बोटे नडगीपाशीच अडतात! मुली त्यांना हसल्या, तेव्हा मला फार बरे वाटले.

आता जे सांगायचे आहे ते माझ्या चुकीचे आहे. दिवाळीनंतरचा एक शुक्रवार होता. मी उत्साहाच्या भरात होते. शंभरी पूर्ण व्हायलाच हवी म्हणून मोठ्याने आकडे मोजत होते. सत्तरपर्यंत आलो, आणि कडेची एक मुलगी हात हलवायची थांबली. ती उठून बसली, चेहरा पांढरा पडला आणि तशीच बाजूला कलंडली. आम्ही तिला निजवून पाय उंच केले, वारा घातला. शुद्धीवर आल्यावर गूळपाणी दिले. मी विचारले, “सकाळी काय खाल्लंस?” म्हणाली, “चहा.” रात्री? “भूक नव्हती.” तिची आई पहाटेच वेचणीला जाते. पोरगी पाणी भरते, सगळ्यांच्या भाकरी थापते, भावांचे डबे भरते आणि उपाशीपोटी सायकल हाणत शाळेला येते. मग खाली मान घालून म्हणाली, “काकू, आठवीपर्यंत शाळेत खिचडी होती.”

भगिनींनो, सरकारी पोषण आहार आठवीपर्यंतच आहे. ज्या वयात मुलीचे अंग वाढते आणि दर महिन्याला रक्त जाते, त्याच वयात तिचे शाळेतले ताट उचलले जाते. २०१९ ते २०२१ या काळात झालेल्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत आपल्या महाराष्ट्रातल्या १५ ते ४९ वयाच्या निम्म्याहून अधिक स्त्रियांच्या अंगात रक्त कमी आढळले. मुलींसाठी आठवड्याला एक लोहाची निळी गोळी असते, तीही पुष्कळ जणी ‘मळमळते’ म्हणून टाकून देतात, कारण ती रिकाम्या पोटी घेतात. हे सारे मी नंतर आपल्या आशाताईंकडून समजून घेतले. आधी विचारले असते तर त्या मुलीवर ती वेळ आली नसती. दोष माझाच होता. रिकाम्या कणगीत पायली बुडवली तर हाताला काय लागणार?

त्या रात्री मला झोप लागली नाही. माझे शिक्षण सातवीला थांबले आणि हिचे जेवण आठवीला. दोन्ही वेळा थांबवणाऱ्याच्या मनात वाईट काही नव्हते. पुढचा विचार कोणी केला नाही, एवढेच.

तेव्हापासून माझ्या वर्गाचा पहिला प्रश्न ‘काय खाल्लं?’ हाच असतो. जिने खाल्ले नसेल तिला त्या दिवशी व्यायाम नाही. तिने माझ्या पिशवीतले शेंगदाणे व गूळ खायचे आणि श्वास मोजायचा. ती मुलगी महिनाभर आली नाही. मी दोनदा तिच्या घरी गेले. तिच्या आईला मी काही शिकवले नाही, नुसती बसले, भाकरी थापू लागले. तिसऱ्या वेळी आईच म्हणाली, “उद्यापासून भाऊ पाणी भरील.” आता तीच मुलगी पुढे उभी राहून आकडे मोजते, आणि सत्तरला थांबून सगळ्यांची तोंडे बघते.

शेवटी मंडळाला एक विनंती. आपण चाळीस सभासद आहोत. अर्धा किलो शेंगदाणे आणि पाव किलो गूळ यांत सव्वीस लहान लाडू होतात. आठवड्याचे वर्गाचे दिवस दोन. दर दिवशी एका घराने लाडू दिले, तर एकीची पाळी वीस आठवड्यांनी येते, म्हणजे शाळेच्या वर्षात फार तर दोनदा. पैशांची वर्गणी मी मागत नाही. लाडू आपल्या हाताने वळावेत, आणि ज्या दिवशी पाळी असेल त्या दिवशी स्वतः घेऊन यावेत. दाराबाहेर उभे राहू नये. आत यावे, चप्पल काढावी, एक सतरंजी तुमच्यासाठीही मोकळी ठेवीन.

पहिली पाळी येत्या मंगळवारी, माझ्या घरची. दुसरी कोणाची ते आज येथेच हात वर करून सांगावे, एवढे बोलून मी माझे भाषण संपवते.